जावयाचं वाण

जिना चढताना क्षितिजला वैदेहीचं हसणं ऐकू आलं, आणि आधी त्याला वाटलं की खालच्या बिऱ्हाडात कोणीतरी हसतंय. दुपारचे अडीच वाजले होते. सेक्टर फाइव्हच्या ऑफिसातला एसी बंद पडला म्हणून सगळ्यांना घरी सोडलं होतं. बालीगंजपर्यंत बसमध्ये घामाने निथळत तो मनात मांडे खात आला होता, की आपण असे अवचित गेलो की ती काय म्हणेल, कशी बघेल. दुसऱ्या मजल्यावर तो थबकला. हसणं तिचंच होतं, पण त्याच्या ओळखीचं नव्हतं. त्याच्यासमोर ती हसायची ती जपून, ओठ मिटून, पाहुण्यांकडे हसावं तशी. हे मोकळं होतं, पोट धरून आणि मधेच नाकातून फुर्र करणारं, आठ-दहा वर्षांच्या पोरीचं. पाच वर्षांच्या ओळखीत आणि पाच महिन्यांच्या संसारात हे तिने एकदाही बाहेर काढलं नव्हतं. म्हणजे ते तिच्याजवळ होतं, पण ते दुसऱ्या कुणासाठी राखून ठेवलेलं होतं. त्याने कुलपात किल्ली फिरवली आणि आतला आवाज एकदम थांबला. ‘आज लवकर?’ ती म्हणाली. फोन उशीखाली गेलेला त्याने पाहिला. ‘कुणाशी बोलत होतीस?’ ‘प्राजक्ताशी. शाळेतली माझी मैत्रीण. तुला सांगितलं नव्हतं का?’ नव्हतं सांगितलं. तो बरं म्हणाला आणि हातपाय धुवायला गेला.

संध्याकाळी ती आंघोळीला गेल्यावर त्याने फोन पाहिला. पाहू नये हे त्याला कळत होतं. पण कळणं आणि वळणं यांचं कधी पटलंय. ‘प्राजक्ता’ या नावाखालचा नंबर त्याला तोंडपाठ होता. वकिलासाठी अर्जाचा मजकूर करताना हा नंबर त्याने स्वतः टाइप केला होता: सुनंदा सुधाकर लेले, सॉल्ट लेक. वैदेहीची आई. रोज दुपारी दोन वाजून दहा मिनिटांनी, कधी अर्धा तास, कधी पाऊण. सुधाकरराव बँकेत, तो ऑफिसात, आणि या दोघी. गेला दीड महिना हे चाललं होतं. दुसरा कोणी पुरुष असता तर सोपं होतं, असं त्याला खरोखर वाटून गेलं. भांडता आलं असतं, घरातून निघून जाता आलं असतं, चार मित्रांनी खांद्यावर हात ठेवला असता. आईबद्दल कुणाकडे तक्रार करणार. त्याने फोन होता तसा, त्याच कोनात ठेवला आणि ती बाहेर आल्यावर विचारलं, ‘आमटी आज वेगळी लागली सकाळी. काय घातलंस?’ ‘काही नाही. थोडं सुकं खोबरं भाजून घातलं.’ हे खोबरं फोनवरून आलं होतं. त्यानंतर तिच्या हातची प्रत्येक गोष्ट तो चाखून बघायला लागला, हिच्यात त्यांचं किती आणि आपलं किती.

तसं पाहिलं तर भ्यायला कारण होतं, नव्हतं असं नाही. लेल्यांनी विरोध केला तो काही गोड बोलून नव्हे. जातीचा शब्द त्या घरात कोणी उच्चारला नाही, ‘आपल्यात बसत नाही’ एवढंच म्हणत राहिले. पण वैदेहीच्या भावाने, सौरभने, दोन मित्र घेऊन सेक्टर फाइव्हच्या ऑटोस्टँडवर क्षितिजला गाठलं आणि त्याचं मनगट असं पिरगाळलं की तीन आठवडे प्लॅस्टर होतं. वैदेहीला पुण्याला मावशीकडे नेऊन ठेवलं, फोन काढून घेतला. ती तिथून कशी निसटली, रेल्वेने दोन दिवस कशी आली, आणि हावड्याला न उतरता एक स्टेशन अलीकडेच उतरून, लोकल आणि बस बदलत सियालदहला कशी पोचली, हे तो मित्रांना रंगवून सांगत असे. सियालदहच्या त्या रेट्यात, भाजीच्या टोपल्यांच्या आणि माशांच्या पाट्यांच्या मधून ती एका पिशवीनिशी त्याच्याकडे चालत आली होती. एक पिशवी. तिचं सगळं जग तिने टाकलं आणि ती त्याच्याकडे आली, हे त्याला तेव्हा केवढं वाटलं होतं. त्याची आई तो नऊ वर्षांचा असताना हिंगोलीत गेली, वडिलांनी दुसरं घर केलं, आणि नंतरची सगळी वर्षं होस्टेलं. रविवारी बाकीच्या पोरांना घरून डबे यायचे, आणि हा खिडकीशी अभ्यास करतोय असं दाखवत बसायचा. आपल्याकडे काही नाही याचं त्याला फारसं वाईट वाटत नसे. दुसऱ्याकडे आहे हे मात्र त्याला सोसायचं नाही. वैदेही एका पिशवीनिशी आली तेव्हा पहिल्यांदा दोघांचं बरोबर झालं, तिलाही कोणी नाही आणि त्यालाही.

लग्नाची नोंदणी झाली, आणि वकिलाच्या सल्ल्याने संरक्षणासाठी हायकोर्टात अर्ज केला. न्यायमूर्तींनी तिला विचारलं, स्वतःच्या मर्जीने आलीस का? ती हो म्हणाली. आवाज कापला नाही. क्षितिजने अभिमानाने मागे वळून पाहिलं, तर शेवटच्या बाकाजवळ सुधाकरराव उभे होते. ते न्यायमूर्तींकडे बघत नव्हते, क्षितिजकडेही नाही. ते वैदेहीच्या पायांकडे बघत होते. तिच्या डाव्या चपलेचा अंगठा तुटलेला होता आणि तिने तो पिनेने अडकवला होता. इतके दिवस तिच्याबरोबर राहणाऱ्या क्षितिजला ती पिन तोवर दिसली नव्हती. जिंकलेल्या दिवशी त्याच्या पोटात जे दुखलं ते या पिनेमुळे. दुसऱ्याच दिवशी त्याने तिला दोन जोड चपला आणल्या, एक जोड लहान निघाला.

आदेश आला: वडील आणि भाऊ यांनी या दोघांच्या संसारात कसलाही उपद्रव करू नये, आणि स्थानिक पोलिसांनी लक्ष ठेवावं. ठाण्यातल्या सब-इन्स्पेक्टर गौरी मंडल यांचा नंबर मिळाला. बाई मधूनमधून फोन करत. ‘सब ठीक? कोई डिस्टर्ब करता है?’ क्षितिज म्हणे, ‘अभी तक नहीं, मॅडम.’ त्या ‘अभी तक’मध्ये त्याला सुख होतं. कागद त्याने प्लॅस्टिकच्या फोल्डरमध्ये घालून कपाटात ठेवला होता. कागदात लिहिलेलं थोडं होतं, पण हळूहळू त्यात त्याने बरंच घातलं. वैदेहीने पुन्हा शाळेत नोकरी धरायची म्हटलं, तर तो म्हणाला, इतक्यात नको, कोर्टाचं प्रकरण आहे. बंगाली शेजारीण दुर्गाबाडीच्या देवळातल्या बायकांत ये म्हणाली, तर म्हणाला, सौरभला कळलं तर? महाराष्ट्र मंडळात गुढीपाडव्याला जायचं नाही, तिथे बँकेची माणसं येतात. तिने प्रत्येक वेळी मान डोलावली. तिला वाटलं हा घाबरलाय. त्यालाही तसंच वाटत होतं. माणूस स्वतःला फसवतो ते असं बेमालूम. दुपारी कोणी नाही, संध्याकाळी कोणी नाही, ती त्याच्या वाटेकडे डोळे लावून बसलेली, आणि हे सगळं हायकोर्टाच्या शिक्क्याने. इतकं सुख त्याला जन्मात मिळालं नव्हतं.

आणि आता ही फट. आईचा रोजचा फोन. त्याने काही विचारलं नाही. विचारलं असतं तर तिने सांगितलं असतं, आणि सांगितल्यावर ते मान्य करावं लागलं असतं. तो नुसता बघत राहिला. ऑफिसात दोन वाजून दहा मिनिटं झाली की त्याचं कशात लक्ष लागेना. आत्ता ती हसत असेल. काय सांगत असेल? माझ्याबद्दल? की मी त्या पाऊण तासात नसेनच? दुसरं जास्त वाईट होतं. एकदा न राहवून त्याने सव्वादोनला तिला फोन लावला. लाइन बिझी. पुन्हा लावला. बिझी. चौथ्यांदा तिने उचलला. ‘काय रे, काय झालं?’ ‘काही नाही. सहज.’ सहज कोणी चार वेळा फोन लावत नाही, हे तिला कळलं असणार. रात्री जेवताना तिने विषय काढला.

‘क्षितिज, समज, घरचे बदलले तर?’

‘कोण घरचे?’

‘माझे. समज म्हटलं.’

‘मनगट दाखवू?’ तो म्हणाला. ‘दमट हवा असली की अजून ठणकतं.’ ठणकत वगैरे नव्हतं. फेब्रुवारीतच बरं झालं होतं.

तिने त्याचं मनगट हातात घेतलं आणि अंगठ्याने चोळत राहिली. ‘सौरभ चुकला. त्याला स्वतःलाच शरम वाटते आता.’

‘तुला कसं माहीत?’

अंगठा थांबला. ‘वाटत असेल, असं म्हणते मी,’ ती म्हणाली आणि उठून भात आणायला गेली. समोरच्याच भांड्यात भात होता. तिने रिकामी वाटी नेली आणि रिकामीच परत आणली. क्षितिजला तिची दया आली आणि त्याच वेळी रागही आला, की हिला माझ्याशी खोटं बोलावं लागतं ते त्यांच्यासाठी. तिला माझी भीती वाटत असेल, हे काही त्याच्या डोक्यात आलं नाही.

जूनच्या सुरुवातीला गौरी मंडलांचा फोन आला. ‘पाच महीना हो गया. कोई झामेला नहीं. मैं अगले हफ्ते रिपोर्ट दे दूँगी, अब प्रोटेक्शन का ज़रूरत नहीं. ठीक है ना?’ क्षितिज ऑफिसच्या कॉरिडॉरमध्ये उभा होता. ‘मॅडम, थोडा और रुकिए.’ ‘क्यों? कुछ हुआ?’ ‘हुआ नहीं. लेकिन हो सकता है.’ बाई हसल्या. ‘वो तो सबका हो सकता है, दादा.’ त्याने फोन ठेवला आणि त्याला समजलं की आपल्याला काहीतरी व्हायला हवं आहे. हे त्याने स्वतःशी अगदी याच शब्दांत म्हटलं आणि तो स्वतःच दचकला. मग पाणी प्यायला आणि कामाला लागला.

त्या आठवड्यात बालीगंजच्या मिठाईच्या दुकानांवर जामाई षष्ठीचे फलक लागले होते. ऑफिसातल्या पोरांनी त्याला सांगितलं होतं, त्या दिवशी सासू जावयाला पंचपक्वान्नं करून वाढते, पंख्याने वारा घालते. दुकानांच्या काचेत माशाच्या आकाराचे छेन्याचे संदेश, आणि फलकावर पाटावर बसलेला एक गुबगुबीत जावई. त्या जावयाकडे बघून क्षितिजला दरवेळी चिडल्यासारखं व्हायचं. आपल्याला असलं काही नको, असं तो मनाशी म्हणायचा आणि पुढच्या दुकानापाशी पुन्हा बघायचा.

रविवारी, चौदा तारखेला, तो बाजारातून भाजी घेऊन गल्लीच्या तोंडाशी आला तेव्हा साडेअकरा झाले असतील. समोर, चहाच्या टपरीजवळ, सुधाकरराव उभे होते. पांढरा इस्त्रीचा शर्ट, पूर्ण बाह्या, या असल्या उकाड्यात मनगटाचं बटण लावलेलं. दोन्ही हातांत लाल कपड्यात बांधलेलं काहीतरी जड, आणि तोल जाऊ नये म्हणून ते छातीशी धरलेलं. टपरीवाल्याला ते घराचा नंबर विचारत होते. त्यांचं हिंदी बँकेतलं होतं, ‘कृपया’ने सुरू होणारं. क्षितिज सरळ पुढे जाऊ शकला असता. दहा पावलं होती. तो नारळाच्या गाडीमागे सरकला.

सुधाकररावांनी गाठोडं एका हातावर तोलून फोन लावला. तिसऱ्या मजल्यावरच्या गॅलरीत वैदेही आली. ओले केस, गाऊनवर ओढणी. तिने खाली पाहिलं, आणि तिच्या चेहऱ्याचं जे झालं ते क्षितिजने नारळाच्या ढिगाआडून पाहिलं. सियालदहला त्याला पाहून तिचा चेहरा असा झाला नव्हता. त्या दिवशी ती थकलेली होती, घाबरलेली होती, दोन दिवस जेवली नव्हती, ही सगळी कारणं त्याला माहीत होती आणि एकही कारण त्याच्या कामी येईना. तिने दोन्ही हातांनी खूण केली, थांबा, येते, आणि आत पळाली. आत्ता ती अनवाणी जिना उतरत असेल. त्याच्यासाठी ती कधी जिना उतरून आली नव्हती, तो तर किल्लीने येत होता. हातातली पिशवी खाली ठेवून त्याने गौरी मंडलांचा नंबर लावला.

‘मॅडम, ससुर आया है. घर के नीचे.’

‘अकेला?’

‘दिख तो अकेला रहा है.’

‘हाथ में कुछ है?’

‘है,’ क्षितिज म्हणाला. ‘कपड़े में लपेटा हुआ. बड़ा है.’

शब्द न शब्द खरा होता. ‘आप ऊपर मत जाइए, मैं आती हूँ,’ बाई म्हणाल्या. ठाणं दोन गल्ल्यांवर होतं. समोर वैदेही खरोखर अनवाणीच आली, वाकून नमस्कार करायला गेली, आणि सुधाकररावांचे दोन्ही हात अडकलेले म्हणून त्यांनी आपली हनुवटी तिच्या डोक्यावर टेकवली. मग दोघं आत गेले. त्या आठ-दहा मिनिटांत क्षितिजला तीनदा वाटलं की फोन करून सांगावं, गैरसमज झाला, येऊ नका. हनुवटी आठवली की तो पुन्हा थांबे.

गौरी मंडल एका हवालदाराला घेऊन मोटारसायकलवर आल्या. क्षितिज धरून तिघंच ते जिना चढले, पण त्या अरुंद जिन्यावर बुटांचा आवाज पलटणीचा वाटत होता. दार उघडंच होतं. बाहेरच्या खोलीत टेबल भिंतीला सरकवलेलं होतं आणि मधोमध पाट मांडला होता. पाटाभोवती घाईघाईने काढलेली रांगोळी, चांदीच्या ताटात जाळीदार, खसखस लावलेल्या अनारशांचा ढीग, वर तेवणारा दिवा. लाल कपडा घडी करून बाजूला ठेवलेला. सुधाकरराव भिंतीशी खाली बसले होते आणि वैदेही त्यांना सरबत देत होती. ‘आलास? किती वाट बघायची,’ असं म्हणत ती वळली आणि तिला खाकी दिसलं. सरबताचा पेला तिने तसाच हातात धरला.

‘कौन धमकी दे रहा था?’ गौरी मंडलांनी विचारलं. त्या ताटाकडे बघत होत्या. ‘खबर मिला कि आदमी हाथ में हथियार लेके आया.’

‘मैंने हथियार नहीं बोला था,’ क्षितिज म्हणाला.

तोवर वैदेहीला वाटत होतं की शेजाऱ्यांपैकी कोणी फोन केला असेल, ते तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं, आणि आता ते चेहऱ्यावरून जाताना दिसलं.

‘चूक माझी आहे,’ सुधाकरराव उठत म्हणाले. गुडघ्यावर हात टेकून उठावं लागलं त्यांना. ‘आदेश आहे, मी यायला नको होतं. मॅडम, मैं चलता हूँ आपके साथ. बस पाँच मिनट दीजिए.’ मग ते क्षितिजकडे वळले. ‘क्षितिजराव, बसा पाटावर. अधिक महिना उद्या संपतो. हिच्या आईने तीन दिवस तांदूळ भिजवले, रोज पाणी बदललं. मला म्हणाली, माणसं काय म्हणायचं ते म्हणोत, जावयाचं वाण घरात पडून राहायचं नाही.’ त्यांचा आवाज कोरडा होता, माया त्यात नव्हती. नियम म्हणजे नियम, इतकंच होतं. पण ते आले होते.

‘ये क्या है?’ बाईंनी वैदेहीला विचारलं. ‘हमारे में तीन साल में एक बार आता है,’ वैदेही म्हणाली. ‘दामाद को देते हैं. आपके जामाई षष्ठी जैसा.’ ‘ओ,’ गौरी मंडल म्हणाल्या. त्या दोन पावलं मागे सरकल्या, उंबऱ्याबाहेर, आणि त्यांनी हवालदारालाही मागे ओढलं. मग त्यांनी क्षितिजकडे एकदा नीट पाहिलं.

क्षितिज बसला. नाही म्हणायला तोंड कुठे होतं. सुधाकररावांनी त्याला गंध लावलं, अक्षता लावल्या, ताट त्याच्या हातात दिलं, आणि रीत म्हणून साठीच्या माणसाने वाकून त्याला नमस्कार केला. तेहतीस अनारसे, तुपाचा वास, दिव्याची धग हनुवटीला. आयुष्यात पहिल्यांदा घरून डबा आला होता, आणि दारात पोलीस उभे होते, आणि ते त्यानेच बोलावले होते.

‘मॅडम, इनसे कोई डर है आपको?’ गौरी मंडलांनी सुधाकररावांकडे हात करून वैदेहीला विचारलं. ‘नहीं,’ वैदेही म्हणाली. आत जाऊन तिने कपडे बदलले. बाहेर आली तेव्हा खांद्याला पिशवी होती. ‘आईला भेटून येते,’ ती म्हणाली.

‘कधी येशील?’

ती चपला घालत होती. ‘तुला ते आलेले नको होते, क्षितिज,’ ती खाली बघत म्हणाली. ‘तुला ते काठी घेऊन आलेलेच हवे होते. मी पाच महिने समजत होते की तू त्यांना भितोस.’ आणखी काही बोलेल म्हणून तो ताट धरून थांबला. तिने दुसरी चप्पल घातली.

सुधाकरराव दारात घुटमळले. ‘मी तिला नेत नाहीये,’ ते म्हणाले. ‘हे यांच्यासमोर सांगतो. तीच येतेय.’

बापलेक जिना उतरले. ‘सावकाश, बाबा, इथली पायरी फुटकी आहे,’ एवढं त्याला ऐकू आलं. त्या फुटक्या पायरीवर तो स्वतः दोनदा ठेचकाळला होता, तेव्हा ती असं म्हणाली होती का, हे तो आठवायला लागला, आणि असल्या वेळीही आपण हेच आठवतोय हे त्याच्या लक्षात आलं, तरी त्याला थांबता येईना. खाली टॅक्सीचं दार लागलं.

गौरी मंडल अजून उंबऱ्यावर होत्या. त्यांनी खिशातून डायरी काढली, पेन उघडलं. ‘रिपोर्ट तो देना पड़ेगा,’ त्या म्हणाल्या. ‘प्रोटेक्शन चालू रखना है?’

‘रखिए.’

‘किसके लिए लिखूँ? घर में तो अभी आप अकेला है.’

‘दोनों के लिए,’ क्षितिज म्हणाला.